बावीसपैकी सतरा

पवननगरच्या आमच्या शाळेत कॉम्प्युटर बावीस,
चालू सतरा.
चपला बाहेर, पंखा दोनवर,
आणि नेटच्या दाराशी मी,
रंगनाथ गाढे, लॅब असिस्टंट.
अंबडची कंपनी बंद पडली तेव्हा इथे चिकटलो.
पोरं मागून मला फायरवॉल म्हणतात.

माझ्याकडे एक वही आहे, लाल पेनाने लिहिलेली.
गेम दिसलं की बंद.
प्ले, फन, झोन, बंद.
मग पोरं गणिताच्या नावाने येऊ लागली.
पानावर लिहिलेलं ‘बेरीज सराव’
आणि आत दोन ट्रक एकमेकांवर आदळतायत.
गणित बंद केलं
तर दराडे मॅडमचा तास अडला,
मुख्याध्यापकांनी केबिनमध्ये बोलावलं.
उघडावं लागलं गणित.

आठवी ब म्हणजे पाटाचं पाणी,
एक भोक बुजवलं की हातभर पुढे पाझरतं.
पुष्कर धात्रकचा रस्ता तर असा :
सिडकोतून निघायचं, हॉलंडला जायचं,
तिथून सिंगापूर,
आणि परत आमच्या सात नंबरच्या मशिनवर
एक साप लांब करायला.
मी स्वतः अजून भुसावळच्या पुढे गेलेलो नाही.

एका गुरुवारी, चौथ्या तासाला,
वैतागून मी वायरच उपटली.
आता खेळा म्हटलं.
सगळे पडदे पांढरे, सगळी तोंडं माझ्याकडे.
फक्त अकरा नंबरवर
टकटक टकटक.

इफ्फत कोकणी. शेवटचा बाक. ओढणीला शाईचा डाग.
जाऊन बघितलं तर मार्कांचा तक्ता,
रोल नंबरसकट.
शाब्बास म्हणालो मी तिला.
म्हणालो, खरंच.

शाळा सुटल्यावर शोधलं.
‘पर्यावरण प्रकल्प’ नावाचा फोल्डर,
त्यात एकच फाइल, तिने स्वतः लिहिलेली.
ना पत्ता, ना गाव, ना बाहेरचा रस्ता.
काय बंद करणार?
उघडली.

एक चौकोन. त्यात बावीस छोटे चौकोन,
पाच राखाडी. (तेच पाच. मोजले मी.)
एका चौकोनात पोरगी खेळतेय
आणि रांगांमधून फिरतोय
किल्ल्यांचा जुडगा घेतलेला एक गोल माणूस.
तो जवळ आला की स्पेस दाबायचा,
पडद्यावर मार्कांचा तक्ता येतो.
उशीर झाला की लाल अक्षरात : पकडलं!

माणूस तीन पावलं चालतो.
पंख्याखाली थांबतो, चश्मा शर्टाला पुसतो.
मग खिडकीशी जाऊन
अंबडच्या बाजूला बघत राहतो.
नऊ सेकंद.
कोपऱ्यात बारीक अक्षरात सूचना :
‘सर खिडकीत असताना भरपूर खेळून घ्या.’

मी बघतो हे मला माहीत नव्हतं.
घरी कुणी सांगितलं नाही.
सतरा वर्षं ज्या गेटवर कार्ड पंच केलं
ते इथून दिसतसुद्धा नाही,
मध्ये पाण्याची टाकी येते.

दार आतून लावून मी खेळायला बसलो.
सात वेळा मीच मला पकडलं.
आठव्या वेळी तो खिडकीशी गेला
आणि माझंही बोट थांबलं,
दोघं मिळून बघत बसलो टाकीकडे.
नऊ संपले कधी कळलं नाही.
पकडलं!

वहीत तारीख टाकली, लाल पेनाने.
पुढची ओळ तशीच राहिली.

पुढच्या गुरुवारी खिडकीशी मुद्दाम उभा राहिलो.
मागे टकटक सुरू झाली.
नऊ झाले, दहा झाले,
बारापर्यंत मनात मोजलं, मग खोकलो,
मग वळलो.
सतरा तक्ते. सतरा गुणी चेहरे.

शुक्रवारी फाइल पुन्हा उघडली.
नऊच्या जागी बारा केलेत तिने.
खोकलाही टाकलाय.
पोट मात्र
होतं तेवढंच ठेवलंय.